घरात पडून असलेल्या पुस्तकांनाही थोडी जागा द्या

माननीय संपादक,
सप्रेम नमस्कार.

साहित्य संमेलन झालं किंवा डिसेंबरात पुण्याचा पुस्तक महोत्सव झाला की तुमच्या पेपरात (सगळ्यांच्याच पेपरात, एकट्या तुमच्या नाही) हेडिंग ठरलेलं असतं, पुस्तकविक्रीची इतक्या कोटींची उलाढाल, मराठी माणूस वाचत नाही म्हणणाऱ्यांना चपराक. चपराक हा शब्द तर फिक्सच. मला त्या बातमीचा राग वगैरे नाही, त्या कोटींत माझेही थोडेफार पैसे आहेत, दोन्ही हातात पिशव्या घेऊन आलेली बाई आहे मी. पण विकलं गेलं म्हणजे वाचलं गेलं असं धरून आपण जे खूश होतो ना तिथे मला बोलायचंय, आणि उगाच हवेत नाही, गेलं अख्खं वर्ष मी एकही नवीन पुस्तक विकत न घेता फक्त घरात पडून असलेली, कधीच न उघडलेली किंवा विसाव्या पानावर बसचं तिकीट अडकून राहिलेली पुस्तकं वाचत होते. त्यात जे दिसलं ते कुठे छापून आलेलं मी तरी बघितलं नाही म्हणून हे पत्र. लांबणार आहे, कात्री खुशाल चालवा, फक्त शेवटची मागणी तेवढी ठेवा.

आधी हे की मराठी घरात न वाचलेली पुस्तकं साठतात कशी. लोकांना वाटतं आळशीपणा. तो आहेच हो, पण आपल्याकडे पुस्तक विकायची पद्धतच अशी आहे की साठणार नाही तर काय होणार. प्रकाशनपूर्व सवलत घ्या. मोठा ग्रंथ, छापील किंमत बाराशे, आत्ता भरले तर आठशे, मुदत अमुक तारखेपर्यंत. भरले. मग ग्रंथ येतो कधी, तर कितीतरी महिन्यांनी, तोपर्यंत ज्या उत्साहात पैसे भरले होते तो उत्साह कुठच्या कुठे गेलेला असतो, पार्सल फोडायचं, वास घ्यायचा आणि कपाटात ठेवायचं. मग संच. पाच पुस्तकांचा संच, त्यातलं आपल्याला हवं असतं एकच, पण सुटं घेतलं तर डिस्काउंट नाही म्हणून उरलेली चार आपल्या घरी येतात आणि वर्षानुवर्षं पेइंग गेस्टसारखी राहतात. मग शाळेच्या नाहीतर मंगल कार्यालयाच्या हॉलमधली प्रदर्शनं, कोणतंही पुस्तक शंभर रुपये, तिथे तर माणूस पुस्तक निवडतच नाही, शंभर रुपये वाचवल्याच्या आनंदात उचलत सुटतो. शिवाय बुके नको बुक द्या. कल्पना चांगली आहे, पण रिटायरमेंटच्या समारंभात शाल श्रीफळाबरोबर जे पुस्तक मिळतं ते देणाऱ्यानेही वाचलेलं नसतं हे आता मी खात्रीने सांगू शकते, कारण आमच्या घरात एकाच आत्मविश्वास वाढवणाऱ्या पुस्तकाच्या दोन प्रती निघाल्या, दोन वेगवेगळ्या सत्कारांतल्या, दोन्हींचं प्लॅस्टिक तसंच.

आणि साने गुरुजी. श्यामची आईच्या आमच्या घरात तीन प्रती निघाल्या, तिन्ही वेगवेगळ्या प्रकाशनांच्या. मला आधी कळेना हे कसं, मग मुलगा म्हणाला आई, कॉपीराइट संपला असेल. बरोबर होतं त्याचं. आपल्याकडे कायदा असा की लेखक गेल्यानंतर 60 वर्षं हक्क राहतात, गुरुजी गेले 1950 साली, म्हणजे 2011 पासून ते पुस्तक कोणीही छापू शकतं, म्हणून दर प्रदर्शनात दर टेबलावर ते स्वस्तात दिसतं आणि मुलांना बक्षीस द्यायला सोपं पडतं. हा कॉपीराइटचा मुद्दा लक्षात ठेवा, पुढे परत येणार आहे, आणि तिथे तो उलटा लागतो.

आमच्या साठ्यात माझी खरेदी साधारण अर्धी, उरलेली नानांची, म्हणजे माझ्या सासऱ्यांची. ते शाळेत होते, पगार बेताचा आणि पुस्तकं मात्र पगार झाला की. डॉ. बाबासाहेबांनी पुस्तकांसाठी दादरला राजगृह बांधलं, नानांनी त्याच आदर्शावर डोंबिवलीच्या दोन खोल्यांमध्ये सुरुवात केली, त्याचं काय झालं असेल ते सासूबाईंना विचारावं लागलं असतं. पलंगाखाली पत्र्याच्या ट्रंका होत्या. नाना गेल्यावर त्या ट्रंका आमच्याकडे आल्या आणि तशाच राहिल्या. त्यात डोंबिवलीत पुस्तक आदानप्रदान भरतं, आपलं वाचून झालेलं द्यायचं आणि दुसऱ्याचं घेऊन यायचं, सुंदर उपक्रम आहे, माझा पूर्ण पाठिंबा, पण त्याने घरातल्या न वाचलेल्या पुस्तकांचा आकडा कमी होत नाही एवढं मात्र सांगते, कारण माणूस वाचलेलं देतो आणि न वाचलेलं आणतो.

वर्षाच्या सुरुवातीला मुलाने एक्सेलमध्ये लिस्ट करून दिली. ती बघून नवरा म्हणाला अगं हे सगळं तू वर्षात संपवणार? तेव्हा बसून हिशोब केला. दिवसाला 25 पानं धरली, म्हणजे नोकरी घर सांभाळून जमण्यासारखी, तर वर्षाची होतात 9125, अडीचशे पानी पुस्तक धरलं तर 36 पुस्तकं. बस. 36! आणि आपण एका प्रदर्शनातून आणतो आठ-दहा, वर्षाला प्रदर्शनं तीन-चार, झाली की 36, म्हणजे अगदी रोज न चुकता वाचणारा माणूससुद्धा फक्त नवीन खरेदीच कशीबशी संपवू शकतो, जुन्याला हातच लागत नाही. हा हिशोब कोणीही करून बघावा, खिशाला फार चांगला आहे. मी तेव्हाच सगळं संपवायचा नाद सोडला आणि दोन नियम केले, एक म्हणजे पन्नास पानं प्रामाणिकपणे वाचायची, नाही जमलं तर अपराधी न वाटता सोडायचं, आणि दुसरा म्हणजे सोडलेलं परत त्याच कपाटात ठेवायचं नाही. विश्वकोशाचे नानांनी जमवलेले सुटे खंड लिस्टमधून काढले, ती सलग वाचायची गोष्ट नव्हे आणि आता तो सगळा ऑनलाइन फुकट वाचायला मिळतो.

माझं बरंचसं वाचन लोकलमध्ये होतं, फोर्टला ऑफिस आहे. तर पहिल्याच महिन्यात कळलं की कुठलं पुस्तक आधी वाचलं जाणार हे त्याच्या दर्जावर ठरत नाही, वजनावर ठरतं. डोंबिवली लोकलला बसायला मिळालं तर ठीक, नाहीतर एका हाताने वरची कडी आणि दुसऱ्या हातात पुस्तक, त्यात आठशे पानी हार्डबाउंड कादंबरी म्हणजे शेजारणीच्या डोक्याला धोका. म्हणून बारकी पुस्तकं फटाफट संपली आणि जाडी घरी राहिली, ती मग रविवारी आणि गणपतीच्या सुट्टीत. प्रकाशकांना कोणीतरी सांगा की मोठ्या कादंबऱ्या दोन भागांत काढा, मुंबई परिसरातले वाचक आशीर्वाद देतील. नानांच्या ट्रंकेतली जुनी पुस्तकं पातळ आणि लहान आकाराची होती, एका हातात मावणारी, आत्ताची तेवढ्याच मजकुराची पुस्तकं जाड कागद आणि मोठा टाइप वापरून फुगवलेली दिसतात, किंमत लावायला सोपी जात असावी, माझा आपला अंदाज. डब्यात एकदा एका मुलीने विचारलं, काकू कसली परीक्षा देताय? तिला खरंच वाटलं की या वयाची बाई पेन्सिल घेऊन एवढं जाड पुस्तक वाचतेय म्हणजे डिपार्टमेंटल परीक्षा असणार. प्रमोशनची आहे म्हटलं तर लगेच सरकून जागा दिली तिने, हेही लिहून ठेवते, कोणाला उपयोग झाला तर.

आता मुख्य गोष्ट. न वाचलेल्या पुस्तकांत एक मोठा गट असा निघाला की जी वाचली आहेत असं मी छातीठोकपणे सांगत आले होते. म्हणजे खोटं नव्हे, शाळेत धडा होता. लक्ष्मीबाई टिळकांची स्मृतिचित्रे हे त्यातलं सगळ्यात ठळक. चार पानांचा धडा, खाली स्वाध्याय, संदर्भासह स्पष्टीकरण, झालं, तेवढ्यावर आपण आयुष्यभर म्हणतो हो हो स्मृतिचित्रे, काय सुंदर भाषा. पूर्ण पुस्तक 1934 ते 1936 मध्ये चार भागांत आलं, आणि नानांकडे होतं ते सगळं एकत्र बांधलेलं, जाडजूड. धड्यामुळे माझ्या डोक्यात होतं की हे एक गोड विनोदी आठवणींचं पुस्तक आहे. विनोद आहेच, वडिलांच्या सोवळ्याच्या वेडाचे किस्से वाचताना मी लोकलमध्ये मोठ्याने हसले. पण त्याच्या खाली काय काय आहे, लग्नानंतर अक्षरओळख झालेली बाई, नवरा कधीही घर सोडून निघून जाणारा, 1895 ला तो ख्रिस्ती झाला आणि ही एकटी मागे राहिली, नातेवाईकांचे सल्ले, मुलगा सांभाळायचा, आणि मग काही वर्षांनी स्वतः विचार करून तिने बाप्तिस्मा घेतला, तोही नवरा म्हणाला म्हणून नाही. आणि हे सगळं सांगताना कुठे गळा काढलेला नाही. चार पानांत हे मावणारच नव्हतं, त्यामुळे पाठ्यपुस्तकवाल्यांना दोष देत नाही मी, पण धडा झाला की पुस्तक झालं असं जे आपल्या मनात बसतं ते मोडायला मला पन्नाशी गाठावी लागली.

दुसरा तसाच प्रकार सिनेमामुळे. बनगरवाडी. अमोल पालेकरांचा सिनेमा 1995 चा, तो टीव्हीवर बघितला होता, त्यामुळे व्यंकटेश माडगूळकरांचं 1955 चं पुस्तक वाचायची गरजच कधी वाटली नाही. दीडशे पानांच्या आतलं पुस्तक, ठाणे ते कुर्ला, कुर्ला ते भायखळा करत दोन-तीन दिवसांत संपलं आणि संपल्यावर मी स्टेशनवर उतरून पुलावर न चढता तशीच बाजूला उभी राहिले थोडा वेळ. दुष्काळात वस्ती उठून जाते तो भाग मला सिनेमातून माहीत होता, तरीही. मला वाटतं घराघरांत अशी धड्यातून आणि सिनेमातून वाचलेली पुस्तकं जेवढी पडून आहेत तेवढी कुठलीच नसतील, आणि मजा म्हणजे त्यांच्यावरच लोक सगळ्यात जास्त बोलतात.

गोडसे भटजींचं ‘माझा प्रवास’ हे पुस्तक पण असंच, नाव सगळ्यांना माहीत, इतिहासाच्या पुस्तकात उल्लेख, वाचलेलं कोणी भेटत नाही. वरसईचे भिक्षुक, डोक्यावर कर्ज, मथुरेला बायजाबाई शिंद्यांचा मोठा यज्ञ आहे, दक्षिणा चांगली मिळेल म्हणून घरातून निघाले आणि बरोबर 1857 च्या बंडात जाऊन सापडले, झाशीला वेढा पडला तेव्हा हे आत शहरात. राणीबद्दल किती काय काय वाचलंय आपण, पण त्या शहरात लपून बसलेला, भुकेने कासावीस झालेला, जवळचे पैसे लुटले गेलेला साधा माणूस काय बघत होता ते इथे आहे. पुस्तकाची स्वतःची गोष्ट पण भारी आहे, इंग्रजांची भीती होती त्यामुळे लिहून झालं तरी लगेच छापलं नाही, चिंतामणराव वैद्यांनी 1907 साली छापलं ते पण स्वतः काटछाट करून, मूळ हस्तलिखितासारखं यायला 1966 उजाडलं, दत्तो वामन पोतदारांनी ते काम केलं. म्हणजे तुमच्या घरात जी प्रत आहे ती नक्की कुठली हे आधी प्रस्तावना वाचून बघायला लागतं. मी प्रस्तावना गाळणारी बाई, या वर्षात ती सवय मोडली.

नावडलेली पण भरपूर निघाली, सगळी नावं घेत नाही. शंभर रुपयेवाल्या टेबलावरचे अनुवादित थ्रिलर एकामागून एक सोडले, त्यातल्या काहींचा अनुवाद असा की वाक्य मराठी अक्षरांत आहे एवढंच. यशाची सूत्रं सांगणारी सगळी पन्नास पानांच्या नियमात गेली, काही तर वीसमध्येच. आत्मचरित्रांचा एक मोठा गठ्ठा होता, मोठमोठ्या पदांवरून रिटायर झालेल्यांची, त्यात बदल्या, बढत्या आणि मंत्र्यांबरोबरचे फोटो. ही माणसं खरोखर काहीतरी बघून आलेली असतात, जिल्हेच्या जिल्हे फिरलेली असतात, आणि लिहिताना नेमकं तेच गाळतात, याची हळहळ वाटली. उलट प्रदर्शनात कोणी ढुंकून बघत नाही अशी जुनी प्रवासवर्णनं, एखाद्या तालुक्याच्या लोकगीतांचं संकलन, एका डॉक्टरांनी लिहिलेल्या खेड्यातल्या आठवणी, यांनी मला सगळ्यात जास्त दिलं. कवितासंग्रहांचं गणित जमलं नाही, 25 पानं रोज असा हिशोब कवितेला लागतच नाही, ते बाजूला ठेवलेत.

मधल्या पावसाळ्यात वेगळंच प्रकरण निघालं. ट्रंकेतल्या पुस्तकांना कसर लागली होती. ती चंदेरी, पळणारी. आधीच्या काळी बाइंडिंगला खळ लावायचे, तीच तिला आवडते, त्यामुळे पानं बरी आणि पाठ खाल्लेली असा प्रकार. जुनी शिवलेल्या फर्म्यांची (फर्मा म्हणजे घडी घातलेल्या छापील पानांचा जुडगा) पुस्तकं तरीही टिकली, दोरा आहे ना, पण अलीकडची नुसतं पाठीला चिकटवलेली उघडली की मधूनच दोन भाग, पत्त्यांसारखी पानं हातात. कागदाचं पण तसंच, स्वस्त कागदात लाकडातलं लिग्निन राहिलेलं असतं, उजेड आणि हवा लागली की तो पिवळा मग तपकिरी होतो, नंतर कोपरा दुमडला की तुटतो. न वाचलेलं पुस्तक आहे तसं राहतं ही समजूत चुकीची आहे, बंद कपाटात ते मस्तपैकी म्हातारं होत असतं. ऊन दाखवा म्हणतात, पण थेट कडक उन्हात ठेवू नका, सावलीत वारा लागेल असं ठेवा, डांबराच्या गोळ्या पुस्तकाला चिकटून टाकू नका, हे सगळं मी करत करत शिकले. आणि एका पुस्तकाची पानं तर वरच्या कडेला जोडलेलीच होती, कापणाऱ्याने एक फर्मा नीट कापलाच नव्हता, म्हणजे नानांनीही ते कधी वाचलं नव्हतं! सुरी घेऊन मी ती पानं मोकळी केली. नाना असते तर चिडवलं असतं त्यांना, पगाराचे पैसे घालून आणलंत आणि पानंसुद्धा कापली नाहीत.

हे पुस्तक फार चांगलं निघालं. ऑफिसातल्या मैत्रिणीला सांगितलं तर ती म्हणाली मलाही घ्यायचंय. शोधलं. नाही. दादरला विचारलं, पुण्याला अप्पा बळवंत चौकात भाचीला पाठवलं, ऑनलाइन बघितलं, आवृत्ती संपलेली आहे, परत काढलेली नाही. हे एकाच पुस्तकाचं झालं असतं तर मी लिहिलं नसतं, पण वर्षभरात मला जी आवडली त्यातली बरीच अशी निघाली. इथे तो कॉपीराइटचा मुद्दा उलटा लागतो बघा. 1950 ला गेलेल्या लेखकाचं पुस्तक कोणीही छापतं म्हणून तीन-तीन प्रती घरात, आणि 1980-90 च्या आसपास गेलेल्या मधल्या फळीतल्या लेखकाचं पुस्तक कोणालाच छापता येत नाही, कारण हक्क वारसांकडे, वारस कुठे कोणाला माहीत, मूळ प्रकाशन बंद पडलेलं, आणि नवा प्रकाशक कशाला शोधत बसेल. आपल्याकडे आवृत्त्या निघतात लहान, एकदा संपली की त्या काळातलं बरंच काही बाजारातून असंच गायब. मग ते आहे कुठे? ठाण्याच्या मराठी ग्रंथसंग्रहालयासारख्या, दादरच्या मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालयासारख्या शंभर वर्षांहून जुन्या संस्थांमध्ये असेल तर असेल, नाहीतर आपल्या पलंगाखालच्या ट्रंकेत.

आणि ट्रंकेतलं जातं कुठे हेही सांगते. सोडलेली पुस्तकं मी एका वाचनालयाला द्यायला गेले, नाव सांगत नाही, माणसं चांगली आहेत, त्यांनी हात जोडले. म्हणाले ताई रोज कोणीतरी येतं, वडील गेले, फ्लॅट रीडेव्हलपमेंटला चाललाय, पुस्तकं घ्या, आमचा माळा भरलाय. आमच्या सोसायटीतच एक बिल्डिंग रिकामी झाली तेव्हा खाली रद्दीवाल्याच्या टेम्पोत शिवलेल्या बाइंडिंगच्या पुस्तकांचे गठ्ठे मी स्वतः बघितलेत, किलोवर. त्याला दोष नाही, त्याचा धंदा आहे, उलट फाउंटनच्या फूटपाथवर अशाच रद्दीतून निवडून ठेवणारी माणसं होती म्हणून कित्येकांना पुस्तकं मिळाली, पण तेही आता मोजकेच उरलेत. डोंबिवली, ठाणे, पुणे, नाशिक, जिथे जिथे जुन्या चाळी आणि सोसायट्या पाडून टॉवर होतायत तिथे एकेका पिढीने जमवलेलं एकाच आठवड्यात जातंय आणि त्यातलं कुठलं पुस्तक पुन्हा मिळणार नाही हे टेम्पोत टाकणाऱ्याला माहीत नसतं, कारण त्याने ते वाचलेलं नसतं.

2024 च्या ऑक्टोबरात मराठीला अभिजात दर्जा मिळाला तेव्हा आमच्या ऑफिसात पेढे वाटले, मी पण खाल्ले. तुम्ही विशेष पुरवणी काढली होती. चांगलंच झालं. पण तुमच्या रविवारच्या पुरवणीत परीक्षण येतं ते फक्त नव्या पुस्तकाचं, आणि खाली बारीक टायपात साभार पोच, म्हणजे आलेल्या पुस्तकांची नुसती यादी, तीही नव्याचीच. पुस्तक यायचं, एकदा त्याचं परीक्षण यायचं आणि मग ते पेपरातून कायमचं बाद, हा नियम कोणी केला? परीक्षण लिहिणाऱ्यालाही प्रकाशकाकडून प्रत आलेली असते, तो आठवड्यात वाचून लिहितो. घरातलं पुस्तक पंधरा वर्षांनी वाचणारा माणूस वेगळं लिहील, त्याला ना लेखकाला खूश करायचंय ना प्रकाशकाला.

तर मागणी अशी. त्याच पानावर आठवड्याला एक छोटा चौकोन द्या, तीनशे शब्दांचा. अट एकच, पुस्तक निदान 15-20 वर्षं जुनं असावं आणि लिहिणाऱ्याने ते घरातल्या साठ्यातून पहिल्यांदाच वाचलेलं असावं. लेखक, प्रकाशन, आवृत्तीचं वर्ष आणि आता बाजारात मिळतं की नाही एवढं खाली यावं. मिळत नसेल तर तसं स्पष्ट छापा, म्हणजे प्रकाशकाच्या नजरेला पडेल, एखादा वारस वाचेल, आणि ज्यांच्याकडे दुसरी प्रत आहे ते ती रद्दीत टाकायच्या आधी एकदा थांबतील. मोठ्या नावांना बंदी घाला हवं तर, लोक मृत्युंजय आणि ययातिवरच लिहून पाठवतील नाहीतर, ती पुस्तकं सगळीकडे मिळतात, त्यांना या चौकोनाची गरज नाही. आणि वाचकांचे फोटो छापू नका, पुस्तकाच्या मुखपृष्ठाचा छापा, जुनी मुखपृष्ठं काय सुंदर असायची.

पैशाचा प्रश्न येणार नाही, मानधन कोणी मागणार नाही. पहिलं टिपण माझ्याकडे तयार आहे, त्या सुरीने पानं कापलेल्या पुस्तकाचं, नाव आत्ता मुद्दाम लिहीत नाही, नाहीतर तुम्ही हेच पत्र टिपण समजून छापाल आणि चौकोन राहील बाजूला. दिवाळी अंकांच्या गठ्ठ्यांबद्दल तर मी बोललेच नाहीये, 1909 पासूनची परंपरा आहे ती आणि आमच्या माळ्यावर त्यातली निदान तीस वर्षं आहेत, पण त्याचं पत्र वेगळं पाठवते.

आपली,
एक वाचक, डोंबिवली पूर्व
(नाव छापू नये, ऑफिसात पेपर येतो)